कालयंत्राचं घड्याळ पुन्हा पुन्हा भलत्याच काळात जातंय? सेलपासून चिपपर्यंतची तपासणी

कालप्रवासाच्या नाटकात रंगमंचावर जे घड्याळ लागतं, ते बनवणं आणि दुरुस्त करणं हे काम मी बरीच वर्षं करतोय. एकांकिका, बालनाट्यं, शाळांची संमेलनं, विज्ञान प्रदर्शनं, सगळीकडे मागणी असते. घड्याळाचा साचा थोड्याफार फरकाने तोच असतो: आकड्यांच्या तीन ओळी. वरच्या ओळीत जायचंय तो काळ, मधल्या ओळीत आत्ताची वेळ आणि खालच्या ओळीत मागच्या प्रवासाची तारीख. आत एक आर्डुइनो नॅनो बोर्ड (प्रोग्राम भरता येणारा छोटासा संगणक), आकडे उजळवणाऱ्या मॅक्स ७२१९ चिपवरचे आठ-आठ आकड्यांचे तीन डिस्प्ले, वेळ सांभाळणारं डीएस३२३१चं निळं मॉड्यूल, एक बझर आणि नटाने ओढायचा खटका.

माझ्याकडे दुरुस्तीला येणाऱ्या घड्याळांची तक्रार जवळपास एकच असते. "घरी चाललं होतं, तालमीत चाललं होतं, प्रयोगाच्या दिवशी वेळ चुकली."

मधली ओळ माझ्यासाठी सगळ्यात महत्त्वाची आहे. वरच्या ओळीत १६७४ येवो की २२००, ते नाटकातलं आहे हे प्रेक्षकाला माहीत असतं. मधली ओळ मात्र त्याच्या मनगटावरच्या घड्याळाशी जुळते. पहिल्या रांगेतला मुलगा नकळत आपलं घड्याळ बघतो, दोन्ही वेळा मिनिटाला मिनिट जुळतात, आणि तिथून पुढे तो त्या यंत्रावर विश्वास ठेवतो. मधली ओळ वीस मिनिटं चुकली तर उरलेल्या दोन ओळी नुसते दिवे होतात. म्हणून हा सगळा खटाटोप.

आधी लक्षण ओळखा

पेचकस हातात घेण्याआधी घड्याळ नेमकं काय दाखवतंय ते बघा. चुकीची वेळसुद्धा बरंच काही सांगून जाते.

- चालू केल्यावर १ जानेवारी २००० पासून मोजायला लागतं: सेल.
- दरवेळी एकाच ठरावीक तारखेच्या ठरावीक मिनिटाला परत जातं: प्रोग्राम.
- १६५ किंवा ८५ असे अशक्य आकडे येतात, वर्ष २१६५ दिसतं: वायर निसटलीय.
- बरोबर अर्धा तास मागे आहे: इंटरनेटवरून वेळ घेणाऱ्या घड्याळात प्रमाणवेळेचा हिशोब चुकलाय.
- धुराचं यंत्र, मोटर किंवा बझर सुरू झाला की आकडे विस्कटतात: वीजपुरवठा.
- सेकंद थिजतात आणि खटका ओढूनही काही होत नाही: बहुतेकदा वायर, कधीकधी पुरवठा.
- एक "प्रवास" झाला की मधली ओळसुद्धा त्याच काळात अडकते: प्रोग्राम.
- रोज थोडं थोडं पुढे किंवा मागे जातं: क्रिस्टल (घड्याळाला ठोके देणारा स्फटिक) किंवा नकली चिप.
- तारीख बरोबर, पण वार चुकतो: याबद्दल खाली सविस्तर लिहिलंय, कारण इथे घड्याळाचा दोष असेलच असं नाही.

आता तपासण्या. ज्यांना पैसा लागत नाही त्या आधी, सोल्डरिंगच्या शेवटी. हा क्रम मोडू नका. घाईघाईने नवी चिप बसवलेली आणि मूळ दोष दहा रुपयांच्या वायरीत असलेली घड्याळं मी बरीच पाहिलीत.

बंद करण्याआधी फोटो काढा

आकडे चुकलेले दिसले की लोक पहिल्यांदा स्विच बंद करून परत चालू करतात. त्यामुळे पुरावा जातो. आधी तिन्ही ओळींचा फोटो काढा आणि त्याच क्षणाची खरी वेळ लिहून ठेवा. मग घड्याळ चालूच ठेवून एका दिवसाने दुसरा फोटो काढा. दोन्ही फोटोंत फरक तेवढाच राहिला, तर घड्याळ नीट चालतंय, फक्त ते चुकीच्या जागेवरून सुरू झालंय. फरक वाढला, तर चालण्यातच दोष आहे. एवढ्या एका गोष्टीवरून अर्धी तपासणी वाचते, कारण पहिल्या प्रकारात सेल आणि प्रोग्राम बघायचे असतात, तर दुसऱ्यात क्रिस्टल आणि चिप.

वीजपुरवठा

तिन्ही डिस्प्ले मिळून चोवीस आकडे आहेत. नेहमीच्या मॉड्यूलवर मॅक्स ७२१९ ला दहा किलो-ओहमचा रेझिस्टर असतो. उजेड पूर्ण ठेवला आणि सगळीकडे ८ आले, तर एक डिस्प्ले सुमारे ३२० मिलिअँपिअर ओढू शकतो. तिघांचे मिळून जवळजवळ एक अँपिअर झाले. लॅपटॉपचं नेहमीचं यूएसबी पोर्ट ५०० मिलिअँपिअरचं असतं. घरी लॅपटॉपवर मंद उजेडात चालणारं घड्याळ रंगमंचावर पूर्ण उजेडात का कोलमडतं, याचं उत्तर बऱ्याचदा इतकंच असतं.

म्हणून आधी ॲडॉप्टर बदलून बघा. ५ व्होल्ट, २ अँपिअरचा चांगला मोबाईल चार्जर पुरतो. त्याची वायर थेट डिस्प्लेच्या पुरवठ्याला आणि तिथूनच नॅनोच्या ५ व्होल्टच्या पिनला द्या. डिस्प्लेचा सगळा करंट नॅनोमधून नेऊ नका, त्यावरचा इवलासा रेग्युलेटर त्यासाठी केलेला नाही. प्रत्येक डिस्प्लेच्या पुरवठ्याच्या टोकांवर १०० मायक्रोफॅरडचा कपॅसिटर लावा. मोटर किंवा बझर सुरू होताना क्षणभर व्होल्टेज बसतं, तेवढा क्षण तो भरून काढतो. प्रोग्राममध्ये उजेड शून्य ते पंधरा असा ठरवता येतो. अंधाऱ्या रंगमंचावर आठ पुष्कळ होतो. पंधरावर आकड्यांचा लखलखाट नटाच्या चेहऱ्यावर पडतो आणि प्रकाशयोजना करणारा वैतागतो, तेही रास्तच आहे.

धुराचं यंत्र आणि घड्याळ एकाच एक्स्टेन्शन बोर्डवर असतील तर वेगळे करा. फुकटचा उपाय आहे, आणि खूप वेळा तेवढ्यानेच काम होतं.

वायरी

दौऱ्यावर घड्याळ टेम्पोत किंवा एसटीच्या टपावर जातं. जंपर वायरी अशा हादऱ्यांसाठी केलेल्याच नाहीत. डीएस३२३१ नॅनोशी दोन वायरींनी बोलतं: एसडीए नॅनोच्या ए४ ला आणि एससीएल ए५ ला. यातली एक जरी ढिली झाली तर नॅनोला उत्तर मिळत नाही. सगळे बिट एक आहेत असं समजून तो वाचतो आणि हिशोबात १६५ हा आकडा येतो. सेकंदांत एक बिट वगळला जातो, म्हणून तिथे ८५ येतो. लॅपटॉपवर नॅनोचे संदेश दाखवणाऱ्या सिरियल मॉनिटरवर १६५:१६५:८५ सारखं काही दिसलं की मी चिपकडे बघतसुद्धा नाही, सरळ वायरी दाबतो.

या दोन वायरींवरून बोलण्याच्या पद्धतीला आयटूसी म्हणतात. वायरी दाबून झाल्यावर आयटूसी स्कॅनर हा छोटा प्रोग्राम चालवा, सगळीकडे मोफत मिळतो. निळं मॉड्यूल धडधाकट असेल तर हेक्स म्हणजे सोळाच्या अंकपद्धतीत लिहिलेले दोन पत्ते दिसतात: हेक्स ६८ वर घड्याळाची चिप आणि हेक्स ५७ वर तिच्या शेजारची मेमरी. दोन्ही दिसले तर वायरी ठीक. एकही नाही दिसला तर वायर किंवा पुरवठा. फक्त ५७ दिसला तर घड्याळाच्या चिपवर संशय घ्यायला जागा आहे.

लांबीचीही एक गोष्ट. आयटूसी एकाच बोर्डवरच्या चिपांनी आपसात बोलावं म्हणून केलेली पद्धत आहे. नेपथ्याच्या सोयीसाठी काहीजण घड्याळाची चिप एका खोक्यात आणि नॅनो दीड-दोन मीटर लांब विंगेत ठेवतात. तालमीत चालतं, मग दिव्यांचे डिमर सुरू झाले की सेकंद थिजतात. मॉड्यूल नॅनोच्या शेजारीच ठेवा, वायर वीतभर पुरे. लांब न्यायचीच असेल तर खटक्याची आणि पुरवठ्याची वायर न्या, त्यांना फरक पडत नाही.

एकदा सगळं जुळलं की दौऱ्याआधी जंपर काढून वायरी सोल्डर करा आणि वर गरम गोंदाचा थेंब टाका. सोल्डरिंग येत नसेल तर वायर खेचली जाणार नाही अशी पट्टीने बांधा.

सेल आणि त्याच्याशेजारचा रेझिस्टर

मॉड्यूलच्या पाठीमागे रुपयाच्या नाण्यासारखा दिसणारा सेल असतो. मुख्य वीज गेली की घड्याळाची चिप त्यावर जगते. सेल संपला की वीज बंद होताच चिपला काही आठवत नाही आणि पुढच्या वेळी ती १ जानेवारी २००० पासून मोजायला लागते. म्हणून ती तारीख दिसली की सेल.

मल्टिमीटरने मोजा. नवा सीआर २०३२ तीन व्होल्टपेक्षा थोडा वर दाखवतो. हा सेल बराच काळ तीनच्या आसपास टिकून राहतो आणि अखेरीस झपकन उतरतो. त्यामुळे २.८ दिसला तरी मी बदलतो, २.५ ची वाट बघत नाही. बदलताना घड्याळाला मुख्य वीज चालू ठेवा, म्हणजे वेळ जात नाही. धातूचा चिमटा वापरू नका. अधिक खुणेची बाजू वर. जुन्या मॉड्यूलमध्ये सेल धरणारी पट्टी सैल झालेली असते. नवा सेल घालूनही वेळ जात असेल तर ती पट्टी हलकीशी वाकवून बघा.

आता सगळ्यात जास्त त्रास देणारी गोष्ट. सीआर २०३२ ची क्षमता साधारण २२० मिलिअँपिअर-तास असते आणि डीएस३२३१ त्यातून काही मायक्रोअँपिअरच ओढते. म्हणजे सेल कित्येक वर्षं टिकायला हवा. पण लोक सांगतात की चार-सहा महिन्यांत गेला. दोष सेलचा नसतो. निळ्या मॉड्यूलवर सेल चार्ज करायचं छोटं सर्किट असतं, एक डायोड आणि २०१ असं लिहिलेला २०० ओहमचा रेझिस्टर. ते एलआयआर २०३२ या पुन्हा चार्ज होणाऱ्या सेलसाठी केलेलं आहे. दुकानात आपण मागतो तो सीआर २०३२, आणि तो चार्ज करण्यासाठी बनलेलाच नाही. ५ व्होल्टवर मॉड्यूल चालवलं की डायोडनंतर सुमारे ४.४ व्होल्ट सेलला मिळत राहतात. त्याने सेल खराब होतो, फुगतो, कधी गळतो. एलआयआर घातला तरी ४.४ जास्तच आहेत, त्याला ४.२ च्या वर नेऊ नये.

उपाय एकच आणि कायमचा: तो २०० ओहमचा रेझिस्टर काढून टाका. मॉड्यूलची वीज काढा, सेल बाजूला ठेवा, सोल्डरिंगच्या गरम टोकाने रेझिस्टर दोन्ही बाजूंनी तापवा, तो सुटतो. मग सीआर २०३२ घाला आणि विसरून जा. माझ्या हातून जाणाऱ्या प्रत्येक घड्याळातला हा रेझिस्टर मी काढतो, तक्रार असो वा नसो. तुम्हाला सोल्डरिंग येत नसेल तर मोबाईल दुरुस्तीवाला हे काम पाच मिनिटांत करतो. मॉड्यूल ३.३ व्होल्टवर चालवण्याचा सल्लाही दिला जातो. त्याने चार्जिंग थांबतं हे खरं, पण ५ व्होल्टच्या नॅनोला ३.३ चे संकेत अगदी काठावर वाचता येतात. प्रयोगाच्या घड्याळात मला काठावरचं काही नको असतं.

फुगलेला किंवा पांढरी भुकटी आलेला सेल बोटाने काढू नका आणि घरच्या कचऱ्यात टाकू नका. आणि बालनाट्य करणाऱ्यांनो, हे मनावर घ्या: बटण सेल लहान मुलाने गिळला तर अन्ननलिका दोन तासांत भाजायला लागू शकते. नुसता संशय आला तरी थेट रुग्णालयात जा, उलटी करवू नका. सेलच्या झाकणाला स्क्रू असलाच पाहिजे.

प्रोग्राम

इथपर्यंत सगळं ठीक निघालं तर लॅपटॉप काढा. यूएसबी जोडण्याआधी ॲडॉप्टर काढून ठेवा.

पहिली चूक, सगळ्यात जास्त आढळणारी. उदाहरणाच्या प्रोग्राममध्ये घड्याळ लावायची एक ओळ असते: प्रोग्राम ज्या क्षणी तयार झाला ती वेळ चिपमध्ये लिही. घड्याळ पहिल्यांदा लावायला ती हवीच. पण ती तशीच राहिली तर वीज येईल तेव्हा दरवेळी चिपला तीच जुनी वेळ मिळते. मंगळवारी रात्री ९:१२ ला प्रोग्राम भरला असेल तर घड्याळ जन्मभर त्या मंगळवारी रात्री ९:१२ ला परत जाणार. तालमीत हे कळत नाही, कारण प्रोग्राम भरल्यावर लगेच बघितलेलं असतं. ती ओळ "चिपची वीज खरंच गेली होती का" या अटीच्या आत टाका. डीएस३२३१ मध्ये त्यासाठी एक खूण असते: तिचा ठोका मध्येच थांबला होता का, हे ती लक्षात ठेवते. चिपसाठीच्या लायब्ररीतलं (तयार प्रोग्रामच्या संचातलं) लॉस्ट पॉवर हे फंक्शन तीच खूण वाचतं.

दुसरी चूक समजून घेण्यासारखी आहे, कारण ती नाटकाच्या गाभ्यातून येते. नटाने खटका ओढला, ६ जून १६७४ कडे निघायचं. प्रोग्राम लिहिणाऱ्याला वाटतं, आपण चिपलाच १६७४ मध्ये पाठवू. पण चिपमध्ये वर्षाला दोनच आकडे आहेत. तिचं वर्ष शून्य म्हणजे २०००. तिला ७४ दिलं तर ती २०७४ समजते, आणि पूर्ण १६७४ दिलं तर लायब्ररीनुसार आणखी भलतंच काही येतं. वर खरी वेळ पुसली गेली ती गेलीच. पुढच्या प्रवेशात परत वर्तमानात यायचं असतं, आणि वर्तमान कुठेच नोंदलेलं नसतं.

चिपला प्रवास करायला लावू नका. तिने फक्त आत्ताची वेळ मोजायची. जायचा काळ आणि मागचा काळ हे दोन वेगळे चल (व्हेरिएबल) ठेवा, वर्षासाठी चार आकड्यांची जागा द्या, आणि डिस्प्लेवर ते स्वतंत्र छापा. प्रवासाच्या दृश्यात मधली ओळ फिरलेली हवी असेल तर ती फक्त डिस्प्लेवर फिरवा, खाली चिप शांतपणे खरी वेळ मोजत राहू दे. दृश्य संपलं की चिपला विचारा, मधली ओळ जागेवर येते. हा एक बदल केल्यावर वर्तमानात परत न आलेलं घड्याळ मला आठवत नाही.

भविष्याचंही असंच. तारखा सेकंदांत मोजणाऱ्या जुन्या पद्धतीत ३२ बिटांची जागा १९ जानेवारी २०३८ रोजी भारतीय वेळेनुसार सकाळी ८:४४:०७ ला संपते. पुढच्या सेकंदाला ती डिसेंबर १९०१ मध्ये जाते. नाटकातला वैज्ञानिक २०५० ला निघाला आणि घड्याळावर १९१३ किंवा १९१४ आलं, तर कारण हे असतं.

वायफायवरून वेळ घेणाऱ्या घड्याळांत प्रमाणवेळेची चूक होते. आपली वेळ जागतिक वेळेच्या साडेपाच तास पुढे. प्रोग्राममध्ये ५.५ लिहिलं आणि ती जागा पूर्णांकाची असली की .५ गळून पडतो, घड्याळ बरोबर अर्धा तास मागे. तासांऐवजी सेकंद द्या: १९८००. आणि नाट्यगृहात वायफाय मिळेल या भरवशावर राहू नका, सोबत डीएस३२३१ असू द्या.

तारीख बरोबर, वार चुकीचा

एका ऐतिहासिक बालनाट्याच्या वेळी प्रेक्षकांतल्या एका शिक्षकांनी प्रयोगानंतर येऊन सांगितलं, "राज्याभिषेक शनिवारी झाला, तुमच्या यंत्रावर बुधवार आला." मी घरी येऊन कागदावर हिशोब केला. वार काढायचं सूत्र बरोबर होतं आणि शिक्षकही बरोबर होते.

झालं असं: रायगडावरच्या राज्याभिषेकाची ६ जून १६७४ ही तारीख जुन्या ज्युलियन पद्धतीची आहे. तेव्हाचे इंग्रज तीच पद्धत वापरत. आज आपण वापरतो त्या ग्रेगोरियन पद्धतीने तो दिवस १६ जून येतो, दहा दिवसांचा फरक. प्रोग्रामची सूत्रं ग्रेगोरियन असतात. त्यांना ६ जून दिला की ती बुधवार सांगतात, १६ जून दिला की शनिवार. त्याच काळातल्या गोव्याच्या पोर्तुगीज कागदांत नवी पद्धत आढळते, कारण पोर्तुगालने १५८२ सालीच बदल केला होता. इंग्लंडने तो १७५२ मध्ये केला, २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर.

तेव्हा १७५२ च्या आधीच्या तारखेसाठी दिग्दर्शकाला विचारा की ही तारीख कुठल्या पद्धतीची. ज्युलियन असेल तर वार काढण्यापुरते सतराव्या शतकासाठी दहा दिवस मिळवा, दाखवायची तारीख तशीच ठेवा. सूत्र तपासायला माझ्याकडे तीन तारखा आहेत: पानिपत, १४ जानेवारी १७६१, बुधवार. १५ ऑगस्ट १९४७, शुक्रवार. १ मे १९६०, रविवार. तिन्ही जुळल्या तर सूत्रावर शंका घेऊ नका. आणखी एक: चारने भाग गेला म्हणजे लीप वर्ष एवढंच प्रोग्राममध्ये असेल तर १८०० आणि १९०० ला २९ फेब्रुवारी उगवतो, जो कधी नव्हताच.

वेळेचंही बघण्यासारखं आहे. १९०६ च्या १ जानेवारीला भारतीय प्रमाणवेळ आली, पण मुंबईत १९५५ पर्यंत मुंबईची स्वतःची वेळ चालत होती, प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे. महायुद्धात १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५ या काळात देशभर घड्याळं तासभर पुढे होती. नाटकातलं पात्र १९४४ च्या दादरला उतरत असेल तर वरच्या ओळीत कुठली वेळ दाखवायची, हे ठरवण्यासारखं आहे. आणि सतराव्या शतकात तर आपल्याकडे रोजच्या व्यवहारात तास-मिनिटं नव्हतीच, घटिका आणि पळं होती. साठ घटिकांचा दिवस, २४ मिनिटांची घटिका, २४ सेकंदांचं पळ. एका प्रयोगात आम्ही प्रवास पूर्ण होताच वरच्या ओळीतले तास जाऊन घटिका-पळं आणली, सूर्योदयापासून मोजलेली. प्रोग्राममध्ये सात-आठ ओळींचं काम होतं. प्रेक्षागृहातून आलेला तो हुंकार अजून लक्षात आहे.

चिप

रोज थोडं थोडं चुकणारं घड्याळ शेवटी ठेवलं, कारण इथे खर्च आहे. आधी मॉड्यूलवरचं नाव वाचा. डीएस१३०७ असेल तर दोष नाही, तिचा स्वभावच तो. तिच्याशेजारचा ३२,७६८ हर्ट्झचा क्रिस्टल दशलक्षात वीस भाग चुकला तरी महिन्याला पन्नासेक सेकंद होतात. शिवाय हा क्रिस्टल २५ अंशांच्या आसपास सगळ्यात वेगात ठोके देतो, त्याहून गरम किंवा थंड झाला की दोन्हीकडे मंदावतो. दिव्यांखाली तापलेल्या खोक्यात तो मागे पडणारच. डीएस३२३१ मध्ये क्रिस्टल आतच असतो आणि चिप तापमान मोजून त्याला सावरते. शून्य ते चाळीस अंशांत तिची चूक दशलक्षात दोन, म्हणजे वर्षाला मिनिटभर. शेवटी एम असलेली डीएस३२३१एम दशलक्षात पाच, वर्षाला अडीच मिनिटं.

वेळ सांभाळणारी चिपच नसेल आणि नॅनोच्या स्वतःच्या ठोक्यावर घड्याळ चालवलं असेल तर तो दोष दुरुस्त होण्यासारखा नाही. नॅनोला ठोके देणारा सिरॅमिक रेझोनेटर अर्धा टक्का चुकला तरी दिवसाला सात मिनिटं जातात. मॉड्यूल घ्या.

डीएस३२३१ लिहिलेली चिप दिवसाला चार-पाच सेकंद चुकत असेल तर ती नकली किंवा बिघडलेली असू शकते. एक सोपी परीक्षा: चिपमधलं तापमान वाचा, मग तिच्यावर बोट ठेवून दोन मिनिटं थांबा. चिप दर ६४ सेकंदांनी नवं तापमान घेते, आकडा चढलाच पाहिजे. न चढला तर मॉड्यूल बदला. चिप उपसून नवी बसवण्यापेक्षा अख्खं मॉड्यूल स्वस्त पडतं.

इथे थांबा

खोक्याच्या आत २३० व्होल्टची वायर येत असेल, म्हणजे पुरवठ्याचं युनिट आतच बसवलेलं असेल, तर ते उघडू नका. वीज काढल्यावरही त्यातल्या कपॅसिटरमध्ये जीवघेणा भार उरतो. ते इलेक्ट्रिशियनचं काम. जळका वास, काळा पडलेला बोर्ड, हात लावल्यावर झिणझिण्या, यापैकी काहीही असलं तर प्लग काढा आणि तोच रस्ता धरा. खोकं पत्र्याचं असेल तर अर्थिंगसुद्धा त्याच्याकडूनच करून घ्या, नटाचा घामेजलेला हात त्या पत्र्यावर असतो.

नवं मॉड्यूल, नव्या वायरी, चांगला ॲडॉप्टर आणि साधा उदाहरणाचा प्रोग्राम एवढं करूनही वेळ चुकत असेल तर नॅनो बोर्ड किंवा डिस्प्लेत दोष आहे. तो शोधायला विजेचे संकेत पडद्यावर दाखवणारा ऑसिलोस्कोप लागतो. इलेक्ट्रॉनिक्सच्या दुरुस्तीवाल्याकडे किंवा जवळच्या आयटीआयमधल्या जाणकाराकडे न्या, आणि ते दोन फोटो सोबत द्या.

तिसरी घंटा झाली की मात्र काहीही उघडायचं नाही. त्यासाठी मी एक वेगळा नॅनो आणि मॉड्यूल, त्याच प्रोग्रामसह, वेळ लावून डब्यात ठेवतो. कनेक्टर बदलला की काम झालं, विंगेत अर्ध्या मिनिटात होतं. खोक्याच्या झाकणाला आतून एक कागद चिकटवलेला असतो. त्यावर सेल घातल्याची तारीख, रेझिस्टर काढलाय की नाही, वेळ शेवटची कधी लावली आणि कुठली वायर कुठल्या पिनला, एवढं लिहिलेलं. पुढच्या दौऱ्याला मी नसलो तर जो कोणी झाकण उघडेल, त्याला सुरुवात तिथून करता येते.